पॅप स्मिअर दरवर्षीच करायची का?

पॅप स्मिअर दरवर्षी करायची असते, असं बऱ्याच जणी ठामपणे सांगतात. ज्यांनी ती एकदाही करून घेतलेली नाही, त्यासुद्धा! गर्भाशयमुखाच्या कॅन्सरची तपासणी किती वर्षांनी करायची, हे तपासणी कोणती यावर ठरतं; पॅप ही त्यातली एक. त्याचा भक्कम पुरावा आपल्या मराठवाड्यातलाच आहे.

ऑक्टोबर १९९९मध्ये तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात बार्शीच्या नर्गिस दत्त कॅन्सर रुग्णालयाच्या पुढाकाराने एक मोठा अभ्यास सुरू झाला. गावांचे ५२ गट आणि ३० ते ५९ वयाच्या १,३१,७४६ बायका. काही गावांत एचपीव्ही या विषाणूची चाचणी, काहींत पॅप, काहींत व्हीआयए, म्हणजे आम्ल लावून नुसत्या डोळ्यांनी बघण्याची तपासणी. उरलेल्या गावांत नेहमीचीच आरोग्यसेवा. तपासणी एकदाच. आठ वर्षांनी हिशेब मांडला, तेव्हा एचपीव्ही चाचणीच्या गावांत या कॅन्सरचे मृत्यू निम्म्याच्या आसपास आले होते. बाकी दोन तपासण्यांनी तसा ठळक फरक पडला नव्हता. आणि ज्यांची एचपीव्ही चाचणी निगेटिव्ह आली होती, त्यांच्यातली एकही बाई त्या आठ वर्षांत या कॅन्सरने दगावली नाही.

याचं कारण या आजाराच्या संथ चालीत आहे. एचपीव्हीचा संसर्ग बहुतेकींना कधी ना कधी होतो आणि वर्ष-दोन वर्षांत आपोआप जातो. जो चिवटपणे टिकतो, त्यालाही कॅन्सरपर्यंत पोचायला सहसा दहा-पंधरा वर्षं लागतात. पॅप आणि व्हीआयए बिघडलेल्या पेशी शोधतात. एचपीव्ही चाचणी त्याच्या आधीची पायरी पकडते. म्हणून जागतिक आरोग्य संघटना तिशीपासून एचपीव्ही चाचणी ५ ते १० वर्षांनी आणि पॅप किंवा व्हीआयए दर ३ वर्षांनी करायला सांगते. एचआयव्ही असेल तर सुरुवात पंचविशीपासून.

व्हीआयए अगदी साधी. व्हिनेगरमध्ये असतं तेच आम्ल, ५ टक्क्यांचं, कापसाच्या बोळ्याने गर्भाशयमुखावर लावायचं आणि मिनिटभर थांबायचं. बिघडलेला भाग पांढरा पडतो. निकाल तिथल्या तिथे, दुसरा हेलपाटा नाही. पाळी गेल्यावर मात्र बघायचा तो भाग आत सरकतो, मग ही तपासणी फारशी भरवशाची राहत नाही.

माझं मत विचाराल, तर एकाच बाईची दहा वेळा पॅप करण्यापेक्षा दहा जणींची एकेकदा एचपीव्ही चाचणी करावी. एचपीव्हीची लस घेतलेल्यांनाही या तपासणीतून सुटका नाही.

आणि संबंधानंतर किंवा पाळी गेल्यावर अंगावरून रक्त गेलं, तर मागची तपासणी कधी झाली होती हे आठवत बसू नका. त्याच आठवड्यात डॉक्टरांना दाखवा.