रुसलेला मृत्यू आणि अटलांटिसचा सम्राट

धनत्रयोदशीच्या संध्याकाळी आमच्या घरी कणकेचा दिवा दक्षिणेकडे वात करून ठेवतात. लहानपणी मी आजीला विचारले होते, "यमाला कशाला गं दिवा? तो न आलेलाच बरा!" ती म्हणाली, "पाहुणा नकोसा असला, तरी त्याचा मान ठेवावा." या उत्तराचा अर्थ मला पुष्कळ वर्षांनी कळला, आणि तोही एका परदेशी संगीतिकेमुळे. नाट्यपदांवर वाढलेल्या माझ्या कानांना ऑपेरा परकाच. एका मित्राच्या आग्रहाने मी 'अटलांटिसचा सम्राट' ऐकली आणि त्या रात्री मला झोप आली नाही.

अटलांटिस म्हणजे समुद्रात बुडालेले दंतकथेतले राज्य. इथे तिथला सम्राट ओव्हरऑल राजवाड्यात एकटाच बसलेला आहे. जगाशी त्याचा संबंध उरला आहे तो टेलिफोन आणि लाउडस्पीकर यांच्यापुरता. एके दिवशी तो हुकूम सोडतो, की सर्वांनी सर्वांविरुद्ध लढावे. आपला जुना दोस्त मृत्यू आघाडीवर चालेल! हे ऐकून मृत्यू रुसतो. हा मृत्यू जुन्या काळचा, आपल्या कामाचा अभिमान बाळगणारा कारागीर आहे. यंत्राने चालणाऱ्या कत्तलीचा हरकाम्या व्हायला तो तयार नाही. तो सरळ संपावर जातो.

मग काय होते? फासावर चढवलेला माणूस तास उलटला तरी मरत नाही. जखमी तळमळतात, पण सुटत नाहीत. सम्राट मोठा धूर्त! आपण प्रजेला अमरत्व बहाल केले, अशी तो बढाई मारतो. रणांगणावर शत्रुपक्षांतला एक सैनिक आणि एक मुलगी एकमेकांवर तुटून पडतात. पण मारता येत नाही, तेव्हा दुःस्वप्नातून जाग यावी तशी ती एकमेकांकडे पाहू लागतात आणि प्रेमात पडतात. अखेर सम्राट झाकलेला आरसा उघडतो. आत उभा असतो मृत्यू! परत येण्याची त्याची अट एकच : पहिला बळी सम्राटाने व्हावे.

आपल्याला ही कल्पना अगदीच नवी नाही. महाभारताच्या आदिपर्वात यम नैमिषारण्यातल्या सत्रात गुंततो, माणसे मरेनाशी होतात आणि देव घाबरतात. पण ही संगीतिका लिहिली गेली ती जागा पाहा, म्हणजे अंगावर काटा येईल.

प्रागच्या उत्तरेला तेरेझिन नावाचे तटबंदीचे गाव आहे. नाझींनी ज्यूंना कोंडण्यासाठी त्याची छावणी केली. तिथे सुमारे ३३ हजार माणसे भूक आणि रोगराई यांनी मेली. त्याहून कितीतरी अधिक पूर्वेकडच्या छावण्यांत रवाना झाली. व्हिक्टर उलमन हा संगीतकार १९४२ साली तिथे आला. १९४३-४४ मध्ये त्याने आणि पेटर कीन या तरुण चित्रकार-कवीने ही संगीतिका रचली. ज्यू संगीतकारांच्या कृतींना नाझी राज्यात बंदीच होती. तरी उलमनने जर्मन राष्ट्रगीताची चाल विद्रूप करून सम्राटाच्या घोषणेत घातली! वाद्यवृंद तेरा जणांचा. त्यात बँजो होता, सॅक्सोफोन होता, आणि आपली ओळखीची पेटीसुद्धा होती.

आता दुसरे दृश्य. २३ जून १९४४ रोजी रेड क्रॉसचे पाहुणे तेरेझिन पाहायला येणार होते. म्हणून घरांच्या दर्शनी भिंती रंगवल्या, फुलझाडे लावली. गर्दी दिसू नये म्हणून मे महिन्यात साडेसात हजारांना ऑशविट्झला धाडले. पाहुण्यांना सुखी गावाचे स्वप्न दाखवले गेले आणि ते त्यांनी सत्य मानले. मला वाटते, इथे स्वप्न आणि जागेपणा यांची अदलाबदल झाली होती. दिवसाढवळ्या दिसणारे गाव खोटे होते. खरे तेवढे अटलांटिस.

तालमी जोरात चालल्या, पण प्रयोग होऊ शकला नाही. १६ ऑक्टोबर १९४४ रोजी उलमनला ऑशविट्झच्या गाडीत चढवले. तो गेला, कीनही गेला. जाण्यापूर्वी उलमनने आपली हस्तलिखिते छावणीचा ग्रंथपाल एमिल उटिट्झ याच्या हवाली केली. उटिट्झ वाचला आणि कागदही वाचले. १६ डिसेंबर १९७५ रोजी ॲमस्टरडॅम येथे संगीतिकेचा पहिला प्रयोग झाला. तालमीत मृत्यूची भूमिका करणारा गायक कारेल बर्मन मात्र छावण्यांतून जिवंत परत आला. योगायोग म्हणा हवा तर!

ज्या माणसांना रोज मरण दिसत होते, त्यांनी मरणाला शिव्या दिल्या नाहीत. त्याचा मान हिरावून घेणाऱ्या सत्तेला त्यांनी दोष दिला. माणसाचे मरण केवळ आकडा झाले, की त्याचे जगणेही आकडाच होते, हे त्यांना उमगले होते.

यंदा दक्षिणेकडे दिवा ठेवताना नातीने मला तोच प्रश्न विचारला. मी आजीचेच उत्तर दिले. फक्त दिव्यात तेल थोडे अधिक घातले.