अत्तदीप, धम्मदीप आणि व्यक्तीचे स्वातंत्र्य

आपल्या विहारांच्या कमानींवर, जयंतीच्या फलकांवर आणि अलीकडे लग्नपत्रिकांवरही ‘अत्त दीप भव’ ही तीन पदे आढळतात. ‘स्वयंप्रकाशित व्हा’ असा त्यांचा अर्थ केला जातो आणि त्यावरून बौद्ध धम्म हा व्यक्तिस्वातंत्र्याचा व बुद्धिवादाचा धम्म होय, असे प्रतिपादन होते. निष्कर्ष चुकीचा नाही. परंतु हे घोषवाक्य या स्वरूपात पालि तिपिटकात नाही. आणि जे वचन मुळात आहे, ते या घोषवाक्याहून अधिक कठोर कसोटी लावणारे आहे.

हे वचन दीघनिकायातील महापरिनिब्बानसुत्तात येते. वेसालीजवळच्या बेलुवगामात तथागतांचा अखेरचा वर्षावास चालू होता. दुखणे प्राणांतिक होते. त्यातून ते उठले. भिक्खुसंघासंबंधी काही सांगितल्यावाचून भगवान जाणार नाहीत, या भरवशावर आपण धीर धरला होता, असे आनंदाने त्यांना सांगितले. त्यावर तथागतांनी उत्तर दिले, की धम्म शिकविताना आपण आत-बाहेर असा भेद केला नाही. ‘आचरियमुट्ठि’, म्हणजे गुरूने मुठीत राखून ठेवलेले असे काही, आपल्याजवळ नाही. संघ आपल्यावर अवलंबून आहे असेही आपण मानीत नाही. या संदर्भात भिक्खूंनी ‘अत्तदीप’ आणि ‘अत्तसरण’ होऊन राहावे हा उपदेश येतो आणि त्याला लागूनच, श्वास न तोडता, ‘धम्मदीप’ आणि ‘धम्मसरण’ ही पदे येतात. चक्कवत्तिसीहनादसुत्तात आणि संयुत्तनिकायातही हीच जोडी आहे. घोषवाक्य तयार करताना आपण तिचा उत्तरार्ध गाळला.

‘दीप’ या पालि शब्दाचे दोन अर्थ होतात: दिवा आणि द्वीप, म्हणजे बेट. अट्ठकथेने येथे महासमुद्रातील बेटाचा अर्थ घेतला आहे आणि संस्कृत परंपरेतील समांतर पाठातही ‘द्वीप’ आहे. मला हाच अर्थ अधिक ग्राह्य वाटतो. पुराच्या लोंढ्यात पाय टेकण्यापुरती कोरडी जागा, ही कल्पना येथे आहे. दिव्याचा अर्थ घेतल्याने मोठा अनर्थ होतो असे नाही. पण दिवा म्हटला की तो मिरविण्याचा मोह होतो, बेटाला तो धोका नाही.

अनात्मवादी धम्मात ‘अत्त’ आले कोठून, अशी शंका अभ्यासवर्गात हमखास विचारली जाते. येथे ‘अत्त’ हे केवळ स्ववाचक पद आहे. आपला मराठी ‘आपण’ हा शब्दही संस्कृत ‘आत्मन्’पासून प्राकृत ‘अप्पण’मार्गे आलेला आहे; तरी ‘आपण आपले काम करावे’ असे म्हणणारा मनुष्य आत्म्याचे अस्तित्व सिद्ध करीत नसतो. माणसाने अत्तदीप व्हायचे कसे, हेही सुत्तानेच सांगितले आहे. काया, वेदना, चित्त आणि धम्म या चारांकडे स्मृतिपूर्वक, जगाविषयीचा लोभ व खेद दूर सारून पाहणे, म्हणजेच चार सतिपट्ठाने, हा तो मार्ग होय. अर्थात, ‘माझे मत तेच प्रमाण’ असा या वचनाचा आशय नाही. माझे मत ज्या चित्तातून निघाले, त्या चित्ताचीच झडती घ्यावयाची आहे.

कालामसुत्ताकडे या दृष्टीने पाहिले असता त्याची नेहमी न सांगितली जाणारी बाजू दिसते. अंगुत्तरनिकायाच्या तिकनिपातातील हे सुत्त मुक्त विचारांची सनद म्हणून जगभर गाजले आहे. कोसल देशातील कालामांच्या निगमात निरनिराळे श्रमण-ब्राह्मण येत, स्वतःच्या मताचा गौरव करीत व इतरांच्या मताची निंदा करीत. खरे कोणाचे, हा कालामांचा प्रश्न होता. संशयास्पद बाबतीत तुम्हांला संशय आला हे योग्यच झाले, असे भगवंतांनी त्यांना प्रथम सांगितले. संशयाला पाप मानणाऱ्या धर्मांच्या जगात हा प्रारंभच असाधारण आहे. त्यानंतर, केवळ ज्यांच्या आधारे काहीही स्वीकारू नये अशी दहा कारणे येतात. ऐकीव गोष्ट, परंपरा, वदंता आणि ग्रंथप्रामाण्य ही पहिली चार आपण उत्साहाने सांगतो, कारण वेदप्रामाण्यावर त्यांचा थेट आघात होतो. पुढची चार मात्र घाईने उरकतो. तक्क, नय, आकारपरिवितक्क आणि दिट्ठिनिज्झानक्खन्ति, म्हणजे निव्वळ तर्क, अनुमान, वरवरचा युक्तिवाद आणि मनाला पटलेल्या मताशी जुळणे, हीदेखील एकटी पुरेशी नाहीत. बुद्धिवादाची सनद म्हणून ज्या सुत्ताकडे आपण बोट दाखवितो, ते सुत्त बुद्धीलाही तपासणीतून सूट देत नाही. के. एन. जयतिलक यांनी १९६३ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात या दहा पदांची जी चिकित्सा केली आहे, ती पालिच्या विद्यार्थ्याने मुळातून वाचावी.

मग उरते काय? स्वतः जाणणे. परंतु काय जाणावयाचे तेही ठरलेले आहे: ही गोष्ट कुशल की अकुशल, सदोष की निर्दोष, सुज्ञांनी निंदिलेली की प्रशंसिलेली, आणि आचरणात आणली असता ती अहिताला व दुःखाला कारण होते की हिताला व सुखाला. येथे भगवंत उत्तर देत नाहीत, प्रश्न विचारतात. माणसाच्या मनात उपजणारा लोभ त्याच्या हिताचा की अहिताचा? लोभाने ग्रासलेला मनुष्य हिंसा करतो, चोरी करतो, परस्त्रीकडे जातो, खोटे बोलतो आणि दुसऱ्यालाही त्याच मार्गाला लावतो, हे खरे ना? द्वेष आणि मोहाविषयीही असेच प्रश्न आहेत. उत्तरे कालाम देतात, आणि ती त्यांच्या स्वतःच्या अनुभवातून देतात. परलोक आहे की नाही, या वादाचा निकाल लागण्याची वाट पाहणेही येथे आवश्यक मानलेले नाही. परलोक असला तरी निर्वैर चित्ताच्या माणसाचे भले आहे आणि नसला तरी तो याच जन्मी सुखाने राहतो, अशी आश्वासने सुत्ताच्या शेवटी आहेत.

बाबासाहेबांच्या विचारात व्यक्तीचे स्थान केंद्रवर्ती आहे. ४ नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत मसुदा मांडताना त्यांनी खेड्याऐवजी व्यक्ती हा घटक मानल्याचे ठामपणे समर्थन केले. ज्या व्यवस्थेत माणसाने तोंड उघडण्यापूर्वीच त्याची योग्यता जातीवरून ठरलेली असते, तिच्यात व्यक्ती हा घटक मानणे ही क्रांतीच होती. तथापि, हे स्वातंत्र्य त्यांनी एकटे सोडले नाही. ३ ऑक्टोबर १९५४ रोजीच्या आकाशवाणीवरील भाषणात स्वातंत्र्य, समता व बंधुता ही त्रयी आपण फ्रेंच राज्यक्रांतीपासून नव्हे, तर आपले गुरू भगवान बुद्ध यांच्या शिकवणीतून घेतली असे सांगून, अमर्याद स्वातंत्र्य समतेचा घात करते हेही त्यांनी स्पष्ट केले. त्यांच्या निधनानंतर १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या ‘द बुद्ध अँड हिज धम्म’मध्ये बुद्धवचन ओळखण्याच्या कसोट्या दिल्या आहेत. पहिली बुद्धिसंगतीची, दुसरी मानवी कल्याणाची. कालामांना दिलेल्या कसोटीशी तिची तुलना करून पाहावी.

दहापैकी शेवटचे कारण ‘समणो नो गरु’, म्हणजे ‘हा श्रमण आमचा गुरू आहे’ एवढ्यावरून मानू नका, हे आहे. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी बाबासाहेबांनी राजकारणातील भक्तीविषयी जो इशारा दिला, तो याच जातीचा आहे. आज धम्मसभेत एखाद्या तरुणाने प्रश्न विचारला, की ‘बाबासाहेबांनी सांगितले आहे’ एवढे म्हणून त्याला खाली बसविले जाते. असे करताना आपण बाबासाहेबांचा गौरव करीत नसतो. त्यांचे म्हणणे का खरे आहे हे समजावून देण्याचे कष्ट टाळत असतो.

घरात हा प्रश्न अधिक तीव्र होतो. दर्शनी भिंतीवर ‘अत्त दीप भव’ आणि आत मात्र मुलीने काय शिकावे, कोणाशी विवाह करावा याचा निर्णय पोटजात पाहून काका-मामांनी घ्यावा, अशी घरे आपल्यात आहेत. याउलट, ‘माझा पैसा, माझे स्वातंत्र्य’ म्हणून रोज दारू पिणारा मनुष्यही हेच वचन तोंडी घेतो. पहिल्याने अत्तदीप नाकारले, दुसऱ्याने धम्मदीप. पंचशीलातील पाचवे शील आणि बावीस प्रतिज्ञांतील मद्यनिषेध दुसऱ्याला अडवितात. पहिल्याला अडविणारे काही आहे काय? विनयपिटकात आहे. राहुलाच्या प्रव्रज्येनंतर शुद्धोदनाने आपले दुःख व्यक्त केले, तेव्हा मातापित्यांच्या अनुमतीवाचून पुत्राला प्रव्रज्या देऊ नये असा नियम भगवंतांनी केला. येथवरची कथा आईबाप आवडीने सांगतात. पण मज्झिमनिकायातील रट्ठपालाची कथा त्याच नियमाची पुढची पायरी आहे. अनुमती मिळेना म्हणून त्याने अन्न वर्ज्य केले आणि अखेर त्याच्या मित्रांनीच आईबापांना समजाविले, की जाऊ दिलात तर तो निदान जिवंत तरी दृष्टीस पडेल. आईबापांनी अनुमती दिली. नियम मोडला गेला नाही, आणि निर्णय रट्ठपालाचाच राहिला.

मतभेदात दोन्ही बाजूंनी बोलावे कसे, याचे उत्तर चंकीसुत्तात सापडते. कापठिक नावाचा सोळा वर्षांचा ब्राह्मणकुमार वडीलधाऱ्यांच्या संभाषणात मध्येच बोलत होता. भगवंतांनी त्याला आधी थांबविले, आणि नंतर त्याच्याशीच सर्वांत गंभीर चर्चा केली. श्रद्धेने, आवडीने किंवा परंपरेने मानलेली गोष्ट खरीही निघू शकते, खोटीही. मनाला नीट पटलेल्या गोष्टीचेही तसेच. म्हणून ‘माझी अशी श्रद्धा आहे’ एवढेच म्हणणारा सत्याचे रक्षण करतो, ‘हेच सत्य, बाकी सर्व व्यर्थ’ असा निष्कर्ष मात्र त्याने काढू नये. याला तेथे ‘सच्चानुरक्खणा’ म्हटले आहे. सत्याचा बोध आणि सत्याची प्राप्ती या पायऱ्या त्याच्याही पुढच्या आहेत, आणि कापठिकाने त्याही एकेक करून विचारून घेतल्या.