जरीचा ‘ज’ आणि बिदरीचे शब्द

‘जग’ हा शब्द दोन प्रकारे उच्चारून पाहा. ‘जन्मा’तला ज घेतला, तर अर्थ होतो विश्व, ‘जाळ्या’तला ज घेतला, तर ‘जिवंत राहा’ अशी आज्ञा होते. लिपीत अक्षर एकच. कानाला मात्र शब्द दोन. जे शब्द कोशांत क्वचितच आढळतात, ते लेखणीवर विसंबून नीट कसे टिकावेत?

बिदरच्या कारागिरांचे शब्द असेच आहेत. बिदर आणि गुलबर्गा, म्हणजे २०१४ पासूनचे कलबुर्गी, हे जिल्हे १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत हैदराबाद राज्यातून म्हैसूर राज्यात गेले. भालकी, हुमनाबाद, आळंद या भागांत मराठी, कन्नड व दखनी आजही शेजारी नांदतात. तेथील बिदरी भांडे घडते ते पुष्कळसे जस्त आणि थोडे तांबे यांच्या मिश्रणातून. त्यावर नक्षी कोरून चांदी बसवितात. अखेरीस बिदरच्या किल्ल्यातील माती व नवसागर यांच्या द्रावाने भांडे काळे होते. चांदी मात्र उजळ राहते.

आता या कलेतील चार शब्द पाहू. पहिला ‘तारकशी’. हा ‘तार-कशी’ असा तोडावा; ‘तारक-शी’ असा नव्हे. ‘कश’ म्हणजे ओढणे. आपला ‘कशिदा’ त्याच कुळातला. कोरलेल्या रेषेत चांदीची तार ठोकून बसविणे, हा त्याचा अर्थ. दुसरा ‘तहनिशान’. येथे ‘तह’ म्हणजे करार नव्हे, तळ. खोल कोरलेल्या जागी पत्र्याचे तुकडे पृष्ठाशी सपाट बसवितात. तिसरा ‘जरबुलंद’, म्हणजे उंच उठावाची नक्षी. ‘जर’ म्हणजे सोने. काम बहुधा चांदीचे असले तरी नाव सोन्याचेच राहिले. यातील ज ‘जरी’तला आहे. कन्नडमध्ये तसा ज नाही, म्हणून कन्नड मुखातून तो ‘जन्मा’तल्या ज सारखा येतो, त्यात दोष नाही, ती त्या भाषेची रीत आहे. चौथा ‘आफताबी’. आफताब म्हणजे सूर्य. येथे चांदीचा पत्राच पृष्ठ झाकतो आणि त्यातून कापलेली नक्षी काळी दिसते. यातील फ ‘फळा’तला नव्हे, खालचा ओठ वरच्या दातांना टेकवून तो उच्चारावा.

बिदरी कलेस २००६ मध्ये भौगोलिक निर्देशांक मिळाला. बिदरचे कारागीर शाह रशीद अहमद कादरी यांना २०२३ मध्ये पद्मश्री लाभली. या मानाने कलेचे नाव राहील. परंतु शब्द राहतो तो हात आणि कान यांच्या शिकवणीत. ज्या दिवशी तार ठोकणारा हात थांबेल, त्या दिवशी ‘तारकशी’ हे निव्वळ अक्षरांचे चार ठसे उरतील. ते कोठे तोडावेत, हेही कोणी सांगू शकणार नाही.

म्हणून असा शब्द टिपताना तीन गोष्टी सोबत टिपाव्यात: तो कोठे तोडतात, त्यातील ज किंवा फ कोणता, आणि तो उच्चारताना हातात कोणते काम चालू असते. अर्थ त्या तिघांत मिळून असतो.