जिजी बोलायची तेव्हा

1 मे 2017 ला झी मराठीवर 'लागिरं झालं जी' सुरू झालं आणि शिरड शहापुरातल्या आमच्या घरी संध्याकाळची कामं त्या मालिकेच्या वेळेभोवती फिरू लागली. आई परातीत तूर घेऊन टीव्हीसमोर बसायची. शितली-अज्या या नायिका-नायकाचं प्रेम रंगात आलं तरी तिचे हात निवडतच असायचे. शितलीची आजी, जिजी, बोलायला लागली की मात्र खडा बोटांतच राहायचा. "ही काही नाटक करत नाही, ही तं बोलायली," आई म्हणायची.

ती जिजी म्हणजे कराडच्या कमल ठोके. 33 वर्षं शाळेत काढलेल्या, मुख्याध्यापिका राहिलेल्या. 'सासर माहेर', 'बरड' अशा चित्रपटांतून त्या दिसल्या होत्या. पण घराघरांत ओळख झाली ती सत्तरीच्या आसपास.

मालिकांमधली बरीच गावं एकच बोली बोलतात. 'ण'चा 'न' केला की झालं गाव! इथं बोली साताऱ्याची होती. आमच्या हिंगोलीकडं 'काहून', 'करायलाव' चालतं. साताऱ्याचा हेल आम्हाला परका. तरी जिजीचं काहीच अडलं नाही. शेवटच्या बाकापर्यंत न ओरडता पोचणारा बाईंचा आवाज त्यामागं होता, असं मला वाटतं.

चरित्र अभिनेत्रीचं काम मोठं चिवट असतं. वाक्यं नायक-नायिकेची, आजीच्या वाट्याला बहुतेक वेळा नुसतं ऐकणं. तोच प्रसंग आधी सगळ्यांचा मिळून, मग एकेकाच्या चेहऱ्यावर कॅमेरा लावून पुन्हा चित्रित होतो. दरवेळी पदर त्याच खांद्यावर हवा, हातातली वाटी तिथंच हवी आणि डोळ्यांतलं पाणीही तेवढंच हवं. मानधन बहुधा दिवसावर ठरतं आणि हातात पडायला तीन-तीन महिने लागतात. कथानक दुसरीकडं वळलं की बोलावणंच येत नाही.

2020 च्या मे अखेरीस राज्य सरकारनं कोरोनामुळं थांबलेल्या चित्रीकरणाला परवानगी दिली, पण 65 वर्षांवरच्या कलाकारांना सेटवर मनाई केली. हेतू जीव वाचवण्याचा होता, हे खरंच. पण आजी-आजोबांच्या भूमिकांवर ज्यांचं पोट, त्यांनी काय करायचं? 7 ऑगस्टला मुंबई उच्च न्यायालयानं ती अट रद्द केली. पुढं सप्टेंबरात 'आई माझी काळूबाई' या मालिकेच्या चित्रीकरणादरम्यान ज्येष्ठ अभिनेत्री आशालता वाबगावकरांना कोरोना झाला आणि 22 तारखेला साताऱ्यात त्या गेल्या. पोट आणि जिवाचा धोका, दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. मला आजही त्यांतली एक निवडता येत नाही.

कमल ठोके 14 नोव्हेंबर 2020 ला, लक्ष्मीपूजनाच्या दिवशी, कर्करोगानं बंगळुरूत वारल्या. दुसऱ्या दिवशी बातमी आली तेव्हा आई पणत्यांतल्या वाती सारत होती. बराच वेळ ती काहीच बोलली नाही. मग म्हणाली, "शितलीला कळलं असंल का रे?"