खंजिरी ते ऑक्टोपॅड : झाडीपट्टीचा वादक कसा घडतो

आफ्रिकेतल्या शहरांचे आजचे लोकप्रिय गाणे म्हणजे आफ्रोपॉप. ते गाणाऱ्यांपैकी कितीतरी जण चर्चमध्ये तयार झाले. लागोसच्या विझकिडने लहानपणी चर्चमधल्या सोबत्यांबरोबर 'ग्लोरियस फाइव्ह' हा गट काढला आणि २००१ मध्ये त्या पोरांचा अल्बमही आला. सिमी या गायिकेचा २००८ मधला पहिला अल्बम ख्रिस्ती भक्तिगीतांचा होता. पुढे ती प्रेमगीतांसाठी ओळखली जाऊ लागली. चर्चमध्ये महागडे वाद्य फुकट हाताळायला मिळते, सरावाचा वार ठरलेला असतो आणि चुकले तरी समोरची माणसे उठून जात नाहीत.

भंडारा जिल्ह्यात हेच काम भजन मंडळ करते. तिथे तयार झालेल्या पोराची पुढची पायरी म्हणजे झाडीपट्टीचे नाटक.

पहिली शाळा

तुकडोजी महाराजांनी (१९०९–१९६८) खंजिरी हाती घेऊन विदर्भातली गावे पालथी घातली. त्यांच्या गुरुदेव सेवा मंडळामुळे सामुदायिक प्रार्थना आणि खंजिरी भजन गावोगावी रुजले. खंजिरी म्हणजे लाकडी कडे, एका बाजूला ताणलेले चामडे आणि कडेला छोट्या झांजा. शिकवणी नसते. पोर आधी टाळ्या वाजवते, मग टाळ, मग खंजिरी. कुणी थोरला उठून गेला की त्याच्या ढोलकीवर किंवा तबल्यावर हात टाकून बघते. पेटी सगळ्यात शेवटी, कारण ती सहसा एकाच माणसाच्या ताब्यात असते.

इथे मिळणारे सर्वांत मोठे शिक्षण, माझ्या मते, ऐकण्याचे आहे. एकाने ओळ म्हणायची, बाकीच्यांनी ती उचलायची. म्हणणाऱ्याचा श्वास कुठे संपतो ते वादकाला कळले नाही, तर सगळी मंडळी घसरतात. नाटकात हेच कामी येते.

विहाराची वाट

दुसरी शाळा बुद्ध विहाराची. डॉ. आंबेडकरांनी १९५४ ची लोकसभा पोटनिवडणूक भंडाऱ्यातून लढवली होती आणि १९५६ चे धर्मांतर शेजारच्या नागपुरात झाले. त्यामुळे भीमगीते इथे घराघरांत आहेत. भीमगीतांच्या कव्वालीच्या दुय्यम सामन्यात, म्हणजे जुगलबंदीत, दोन पार्ट्या रात्रभर एकमेकींना गाण्यातून उत्तरे देतात. त्यात वाजवलेल्या पोराला ऐनवेळी चाल बदलण्याची भीती राहत नाही.

नाटकाची रात्र

झाडी म्हणजे जंगल. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली हे चार जिल्हे मिळून झाडीपट्टी. गोंदिया तर १९९९ पर्यंत भंडाऱ्यातच होता. दिवाळी झाली, धान घरात येऊ लागले की गावोगावी मंडई, म्हणजे जत्रा, भरते. लेकी-जावई, पाहुणे येतात, सोयरिकी ठरतात. दिवसा दंडार हे लोकनाट्य, रात्री नाटक. बहुतेक नाट्यमंडळ्यांचा मुक्काम गडचिरोलीतल्या वडसा-देसाईगंजला, तिथून त्या हंगामभर गावोगाव फिरतात. २०२३ मध्ये पद्मश्री मिळालेले परशुराम खुणे याच रंगभूमीचे नट.

रात्री दहाच्या सुमारास पडदा उघडतो आणि उजाडेपर्यंत खेळ चालतो. वादक मंचासमोर बसतात, तोंड नटांकडे. ऑर्गन किंवा कीबोर्ड, तबला-ढोलकी आणि ऑक्टोपॅड, म्हणजे काठ्यांनी वाजवायचे इलेक्ट्रॉनिक तालवाद्य. त्यांना नुसती गाणी वाजवायची नसतात. नायिकेचा हुंदका, खलनायकाची एन्ट्री, विनोदी नटाचा घसरलेला पाय, सगळ्याला त्याच क्षणी आवाज द्यावा लागतो. मध्येच लावणी, मध्येच चित्रपटातली चाल. रात्री तीन वाजता डोळे मिटू लागतात तेव्हा हात आणि कान जागे ठेवणे, ही खरी परीक्षा.

आठ मात्रा

भजनातला केरवा आठ मात्रांचा. लावणीलाही तोच चालतो, फक्त लय चढते आणि जोर वेगळ्या जागी पडतो. आफ्रोपॉपमध्ये वारंवार ऐकू येणारी लय हीदेखील आठच मोजण्यांची, पण तिचे तुकडे तीन, तीन आणि दोन असे पडतात. टाळी देऊन पाहा : एक, चार आणि सात या आकड्यांवर. केरव्यात मुरलेल्या पोराला ही लय पकडायला वेळ लागत नाही, आणि ऑक्टोपॅडवर ती काठीच्या दोन-चार फटक्यांत उमटते. देवळातून मंचावर गेला म्हणजे बिघडला, असे म्हणणारे अजून भेटतात. मला ते मुळीच पटत नाही. त्याने मात्रा सोडलेल्या नसतात.

हंगाम बुडतो तेव्हा

नाटकाची गर्दी पटावरही अवलंबून असते. पट म्हणजे शंकरपट, बैलांची शर्यत. २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या शर्यती थांबवल्या, डिसेंबर २०२१ मध्ये महाराष्ट्राला परवानगी मिळाली आणि २०२३ मध्ये घटनापीठाने शर्यतींना मुभा देणारा राज्याचा कायदा मान्य केला. मधल्या काळात पटाला धरून लागणाऱ्या नाटकांचा मोठा आधार गेला. त्यातच करोना आला. वादकाची नाटकातली कमाई दिवाळी ते होळी एवढीच. उरलेले महिने शेती, मजुरी, लग्नातला बँड.

अशा वर्षांत पोरे पुन्हा मंडळात येऊन बसतात. तिथल्या तबल्याची पुडी, म्हणजे वरचे चामडे, फाटलेली असली, तर वर्गणी जमेपर्यंत तो कोपऱ्यात पडून राहतो. मंडईच्या वर्गणीतून आधी या पुडीचे पैसे बाजूला काढावेत, रोषणाईचे मग बघावे, असे मी गावातल्या मंडळींना हात जोडून सांगतो.