घरच्या कुंडीतली स्ट्रॉबेरी : रमजानच्या धंद्याला जोड

महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला २०१० मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. तिचा मुख्य हंगाम डिसेंबर ते मार्च. पुढील काही वर्षे रमजानही याच दिवसांत येत आहे. २०२७ मध्ये फेब्रुवारीत, तर २०२८ मध्ये जानेवारीअखेरीस. इफ्तारसाठी सरबत, फ्रूट चाट विकणाऱ्या आपल्या बांधवांनी हे ध्यानात घ्यावे.

हे फळ फार नाशवंत. एकदम पाटीभर येण्यापेक्षा रोज थोडे मिळाले तर नुकसान टळते. त्यासाठी सप्टेंबर-ऑक्टोबरात सगळी रोपे एकाच दिवशी न लावता पंधरा दिवसांच्या अंतराने लावावीत. लवकर फळणाऱ्या 'स्वीट चार्ली'बरोबर मागाहून येणारी 'कॅमारोसा' ठेवावी.

कुंडीला खाली भोके हवीत. माती भुसभुशीत, शेणखत मिसळलेली असावी. रोपाचा मधला कोंब मातीत गाडला तर कुजतो. सहा तास ऊन मिळावे. पाणी बेताचे पण नियमित द्यावे. रोपाला फुटणारे लांब रनर कापावेत, नाहीतर ताकद फळाऐवजी तिकडे जाते. फळाखाली पेंढा पसरावा. पिकलेले फळ रोपावर राहू न देता सकाळी देठासह तोडावे आणि वापरतानाच धुवावे.

ऊन तापले की फुले कमी होतात. म्हणून मुंबई, मालेगावसारख्या ठिकाणी दुपारची सावली करावी आणि हंगाम आखूड धरूनच हिशेब मांडावा. उरलेल्या फळाचा त्याच दिवशी जॅम करावा. पहिल्या वर्षी वीसच कुंड्या लावून पाहाव्यात. कर्ज काढू नये. घरातील भगिनींनाही हे काम सहज जमेल. मेहनत आपली, बरकत अल्लाहची.