वाळूच्या कुशीतील पन्नास दिवस

वेळास हे रत्नागिरी जिल्ह्यातील समुद्रकाठचे लहानसे गाव. हिवाळ्याच्या रात्री ऑलिव्ह रिडले जातीची कासवीण येथे भरतीच्या रेषेपलीकडे येते. मागच्या पायांनी सुमारे दीड फूट खोल खड्डा करते, त्यात शंभर-सव्वाशे अंडी घालते, वर वाळू लोटते आणि समुद्रात परतते. त्या घरट्याकडे ती पुन्हा फिरकत नाही. पुढचे पन्नास-पंचावन्न दिवस आईचे काम वाळूच करते.

पूर्वी ही अंडी माणसे आणि कुत्री-कोल्हे उकरून नेत. २००२ पासून चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने ग्रामस्थांच्या साथीने ती कुंपणाच्या आत हलवून जपण्यास आरंभ केला. परंतु अंडी चोरीपासून वाचली म्हणजे पिल्ले वाचलीच, असे नव्हे.

अंडे घातल्यावर काही तासांतच गर्भ आतल्या पापुद्र्याला चिकटतो. त्यानंतर अंडे उलटसुलट झाले, तर तो दगावू शकतो. म्हणून कासवमित्र पहाटेच किनारा धुंडाळतात, अंडी अलगद उचलतात आणि मूळ घरट्याइतक्याच खोल, तशाच आकाराच्या खड्ड्यात ठेवतात.

खोलीला एवढे महत्त्व का? कारण खोलीप्रमाणे वाळूची ऊब आणि ओल बदलते. कासवाचे पिल्लू नर होणार की मादी, हे उबवणीच्या मधल्या काळातील तापमानावर ठरते. सुमारे २९-३० अंश सेल्सिअसला दोन्ही जन्मतात. वाळू त्याहून थंड असेल तर नर अधिक, उष्ण असेल तर माद्या अधिक. उष्णता फार वाढली, तर गर्भ आतच मरतात. जी पिल्ले निघतात ती लवकर निघतात, पण चणीने लहान आणि चालीने मंद असतात. खेकडे आणि पक्षी टपून असताना ही मंद चाल जिवावर बेतते. वाळू फार कोरडी असेल तर अंडी आकसतात. पाणी साचले तर गर्भाचा श्वास कोंडतो, कारण कवचातूनच हवेची ये-जा होत असते.

वसंतात आपण सहकुटुंब वेळासला गेलात, तर कुंपणाबाहेरूनच पाहावे. पिल्ले उचलू नयेत, त्यांच्यावर दिव्याचा झोत टाकू नये. कृत्रिम उजेडाने ती दिशा चुकतात. जीव वाचवावा हा कळवळा मोलाचाच. पण त्या जिवाला काय हवे, हे जाणून घेतल्यावरच तो सार्थकी लागतो.